ओसरीवरचे आभाळ

हवामान कचेरी, कॅन्सस
९ जून १९७९

ती. बाबांस जोलीनचा सा. न. वि. वि.

इकडे उन्हाने जीव नकोसा केलाय. त्यात दक्षिणेचा दमट वारा सुटलाय. येत्या गुरुवारकडे तुमच्या बाजूला वळवाचं जबर वादळ उठेलसं दिसतं. भाकीत माझं आहे, म्हणून नाक मुरडू नका.

वादळाचा भोंगा वाजला की तळघरात जायचं सोडून अख्खं गाव कॉफीचा कप घेऊन ओसरीवर येतं, आणि त्यात तुम्ही पहिले! मी इशारा द्यायचा आणि तुम्ही घराबाहेर पडायचं, काय म्हणावं याला? तुमच्याशिवाय आईही खाली जात नाही. मला फार काळजी वाटते हो.

माया आहेच, ती राहू द्या.
तुमची जोलीन

१२ जून

चि. जोलीनला अनेक आशीर्वाद.

अगं बये, मागच्या खेपेला तुमच्या कचेरीने सांगितलेल्या गारांना भिऊन मी ऐन कापणीत हार्वेस्टर थांबवलं, आणि गार एक पडली नाही! शेजारचा व्हर्लिन अजून चिडवतो. आणि तळघरात काय, तुझ्या आईच्या पीचच्या बरण्यांशी गप्पा मारू? माझा बापही ओसरीवरूनच आभाळ बघायचा.

जेवत जा वेळेवर.
बाबा

१४ जून, संध्याकाळ

ती. बाबांस सा. न.

फोन लागत नाही, तारा तुटल्यात म्हणे. दुपारी इशाऱ्यात आपल्याच जिल्ह्याचं नाव लिहावं लागलं. ठरलेल्या मजकुराखाली एक ओळ मी मनानेच घातली: ओसरीवर असाल तर खाली जा, आभाळ मी बघतेय. साहेब भडकलेत. भडकू देत. तुम्ही दोघं बरे आहात एवढं कळवा.

जोलीन

१७ जून

चि. जोलीनला पोटभर आशीर्वाद.

दोघंही धडधाकट आहोत. खोटं कशाला सांगू, ओसरीवरच होतो. रेडिओवाल्याने तुझी ओळ वाचून दाखवली, तशी आई म्हणाली की पोरगी तुम्हालाच सांगतेय. मुकाट्याने उतरलो. व्हर्लिनही उतरला. त्याला वाटलं, तू त्यालाच म्हणालीस.

वर आलो तर ओसरी जाग्यावर नव्हती. माझी खुर्ची गव्हात सापडली, पाय मोडलेली. निम्मा गहू आडवा झालाय, उरलेला कापतोय. खुर्चीला नवा पाय बसवून आईने ती तळघरात, बरण्यांशेजारी नेऊन ठेवली.

आभाळ तू बघत जा, पोरी.
तुझा बाबा