एकतिसावी चाल

३ नोव्हें., मूल (घरी)

पेपरात तन्वीचा फोटो. "बुद्धिबळात जिल्ह्यातली पहिली महिला आंतरराष्ट्रीय मास्टर होणार." होणार म्हणे! मोठ्या स्पर्धेत चांगलं खेळून मिळवाचे नॉर्म तिचे दोन, माहे बी दोनच. तीन लागतात, वरून बाविसशे रेटिंग. मंग मी काय मेली?

फोटोखाली वासुदेवभाऊचं बोलणं. तन्वी दर रविवारी भद्रावतीहून एसटीनं त्यायच्याकडे शिकाले येते, जिद्दी आहे, गुणी आहे. माहं नाव कुठीच नाई. सातव्या वर्षापासून चौदा वर्षं त्यायच्याच क्लासात बसली, राइस मिलच्या वरच्या खोलीत. नागपूरच्या अकॅडमीत गेली तं गद्दार झाली.

आई म्हणे, "जाऊ दे ना प्रज्ञा, म्हातारं माणूस."
कायले जाऊ दे?

५ नोव्हें.

बाजारात भाऊ. वांगे निवडून राह्यले होते. हात आपोआप जोडल्या गेले. माह्याकडं पाहून म्हणते, "कोण?" डोळ्यावर चष्मा होता! मी म्हटलं, "कोणी नाई." घरी येऊन बाबावर उगाच खेकसली.

चार वर्षांपूर्वी पहिल्या नॉर्मचे पेढे घेऊन गेली होती. डबा घेतला नाई. दारातूनच, "तुह्या नागपूरच्या सराले दे." ते मी मरेपर्यंत विसरणार नाई. विसराचंच नाई.

९ नोव्हें., नागपूर

स्पर्धा सुरू. नऊ फेऱ्या. पहिली जिंकली. तन्वी बी जिंकली. तिले घेऊन भाऊ आले आहेत, मफलर गुंडाळून बाहेर बसले असतात. जेवणाच्या रांगेत माह्या दोन माणसं पुढं होते. मी रांग सोडली. चहा-बिस्किटावर दिवस काढला.

११ नोव्हें.

तन्वीच्या टेबलाजवळून जाताना दिसलं. चाल आधी कागदावर लिहिते, मंग बोर्डावर करते. भाऊची शिकवण. "आधी लिहा, मंग पाहा, मंग चाला." लिहिल्यावर चूक दिसते म्हणते. दिसली की खोडाची, दुसरी लिहाची. त्यायच्या तरुणपणी चालत होतं, जुन्या पुस्तकात तसंच असन. आता चालत नाई. आधी चाल कराची, मंग लिहाची. उलटं केलं तं ते टिपण झालं, अन् खेळताना टिपण काढाले बंदी आहे. समोरच्यानं तक्रार केली की ताकीद, पुन्हा केलं की समोरच्याले जास्तीचा वेळ.

मले माहीत आहे. चांगलंच माहीत आहे. अकॅडमीतली माही पहिलीच स्पर्धा, पुण्यात. अख्ख्या हॉलसमोर उभं केलं होतं. नंतर अकॅडमीचे सर हसून म्हणे, "हे कोणी शिकवलं तुला?"
मी म्हटलं, "कोणी नाही."
पेढ्याच्या आधीची गोष्ट. म्हणजे तेव्हा भाऊ बोलत होते.

१३ नोव्हें.

उद्याच्या शेवटच्या फेरीची पेअरिंग लागली, कोण कोणाशी खेळणार ते. तन्वी. आणखी कोण असणार!
तिसऱ्या नॉर्मसाठी तिले ड्रॉ चालते. मले जिंकणंच भाग आहे.
पाण्याच्या टाकीजवळ ती स्वतः आली. "ताई, ऑल द बेस्ट." हात थंडगार होता पोट्टीचा. मी "हं" म्हटलं. भाऊ मागं उभे. त्यायनं मान फिरवली.

१४ नोव्हें.

जिंकली. तिसरा नॉर्म झाला. आता फक्त रेटिंगचे नऊ पॉइंट राह्यले.
काय लिहू? खरं तेच लिहिते बापा, इथी कोण वाचते.

ओपनिंगातच माहं वाटोळं झालं. विसाव्या चालीपर्यंत एक प्यादं खाली, राजा उघडा. तिचा डाव मस्त होता. मस्तच होता. लिहायची, पाहायची, खोडायची, मंग चालायची. बाराव्या चालीपासून मी पाहून राह्यली होती. बोलली एकतिसाव्या चालीले, मी हरते असं पक्कं दिसलं तेव्हा.

घड्याळ थांबवलं, अर्बिटरले बोलावलं. पंच शेखसर आले, कागद पाह्यला, तिले ताकीद दिली. ती माह्याकडं पाहाले लागली. "ताई, काय केलं मी?" तिले खरंच माहीत नव्हतं. आजपर्यंत कोणी धरलंच नव्हतं. पुढच्या चालीले पुन्हा हात कागदाकडं गेला. गेलाच. मले दोन मिनिटं वाढवून भेटले. त्यानंतर तिले काही सुचेना. सहा चालीत घोडा फुकटात देऊन बसली.

सही करताना रडत होती. मी म्हटलं, "नियम आहे." आवाज माहा नव्हताच जसा.

१५ नोव्हें., मूल

चौकात फलक, हार, गुलाल. आमदाराचा माणूस येऊन गेला. बाबा रडले. मी हसून हसून गाल दुखवले. पेपरवाला विचारते, "पहिले गुरू कोण?" मी अकॅडमीच्या सराचं नाव सांगितलं. घ्या म्हटलं. त्यायनं माहं नाव कापलं, मी त्यायचं कापलं. फिट्टमफाट.

जेवण गेलं नाई.

१८ नोव्हें.

भाऊ घरी आले. बसले नाई. आईनं पाणी आणलं, तेही घेतलं नाई.

"नियम खरा आहे का?"
"खरा आहे."
"कवापासून?"
"लय वर्षं झाले."
"तुले कवा समजला?"
मले खोटं बोलता आलं असतं. "चार वर्षांपूर्वी. पुण्यात, अकॅडमीतल्या पहिल्याच स्पर्धेत."

मले वाटलं आता ओरडन. मी तयारच होती, पेढ्याचा डबा अगदी जिभेवर होता. पण ते हळूच म्हणे, "मह्यावर राग होता, मान्य. त्या पोट्टीनं तुहं काय केलं होतं?"

मी पेढ्याचं काढलं तरी. काढलंच. ते म्हणे, "हो, डबा परत केला. चुकलो. पण नियम तुले पेढ्याच्या आधी समजला."

हिशेब त्यायनं उभ्याउभ्या लावला. आईसमोर.

जाताना म्हणे, "रविवारी क्लासले ये. एकवीस लेकरं आहेत, सारेच आधी लिहितात. मीच शिकवलं. त्यायले तूच सांग, मह्यासमोर सांग, की भाऊनं चुकीचं शिकवलं. मले चालते. पण मंग तू काऊन चूप राह्यली तेही सांग. तन्वी बी राहीन."

२० नोव्हें.

दोन दिवस झाले, भाऊले मनातल्या मनात शिव्या घालून राह्यली आहे. ढोंगी, हट्टी, हेकट म्हातारा. भर बाजारात "कोण?" म्हणणारा. मले पोरांसमोर उभं कराले निघाला, जसा मीच गुन्हा केला.

आई पोळ्या लाटता लाटता म्हणे, "नाई जाचं तं नको जाऊ." माह्याकडं पाह्यलं बी नाई.

पुण्यात मी "कोणी नाही" म्हटलं ते भाऊची इज्जत वाचवाले, असं मी स्वतःले चार वर्षं सांगत आली. मंग घरी येऊन त्यायच्या कानात सांगाले काय धाड भरली होती? तेव्हा तं ते बोलत होते.

मी मोठ्या शहरात नवं शिकली, ते इथंच जुनं शिकवत मागं राह्यले. मले ते बरं वाटत होतं.

हे लेकराईसमोर कसं सांगू? उद्या रविवार.