वेलांटी आधी की नंतर

७ जानेवारी १९९१

आला एकदाचा! टेम्पोतून उतरवला तेव्हा अण्णांनी नारळ फोडला, सुहासिनीने हळदकुंकू वाहिलं. कम्प्युटरला! आमच्या खिळ्यांच्या केसेस भिंतीशी उभ्या होत्या, त्यांच्याकडे कुणी ढुंकून बघितलं नाही. अजून दसऱ्याचा सुकलेला झेंडू लोंबतोय त्यांच्यावर.

मग अण्णांनी आम्हा खिळे जुळवणाऱ्यांना, मला आणि विश्रामला, आत बोलावलं. नौपाड्यातला हा छापखाना त्यांच्या वडिलांनी काढलेला. त्यामुळे काही कठीण बोलायचं असलं की अण्णा आधी भिंतीवरच्या फोटोकडे बघतात. आजही बघितलं. म्हणाले, "प्रकाशकांना आता खिळ्यांवरची पुस्तकं नकोत. पाडव्यापासून जुळणी बंद. तोवर दोघांनी कम्प्युटर शिकून घ्या. जो शिकेल त्याची जागा पक्की."

जो शिकणार नाही त्याचं काय, ते बोलले नाहीत.

बाहेर आल्यावर विश्राम म्हणाला, "मना नको त्यो डबा." आणि जुळणीची स्टिक उचलून तिच्यातली अर्धवट राहिलेली ओळ पुरी करायला लागला.

८ जानेवारी

झोप नाही. लग्नाआधीसुद्धा एवढी धाकधूक नव्हती.

१० जानेवारी

पहिला धडा. सुहासिनी अण्णांची सून, दादरला क्लास करून आलेली. मुलगी गोड आहे, पण दर वाक्याला "सोप्पंय हो, प्रमोदिनीताई" म्हणते. जिला येतं तिला सोपंच असणार!

अडलं कुठे? वेलांटीत. पहिल्या वेलांटीत! खिळे जुळवताना 'दि' करायचा तर आधी वेलांटीचा खिळा उचलायचा, मग द चा. डावीकडून उजवीकडे, दिसतं तसं. हाताला ते इतकं मुरलंय की डोकं मध्ये येतच नाही. इथे सगळं उफराटं. आधी द दाबायचा, मग वेलांटी, आणि मग ती बया आपणहून उडी मारून द च्या डावीकडे जाऊन बसते. मी सवयीने वेलांटी आधी दाबली की ती मागच्याच अक्षराला चिकटते. 'कविता' लिहायला गेले, झालं 'किवता'. सुहासिनी हसली. मीही हसले. आतून पेटले होते.

विश्राम तिकडे मुद्दाम खडखडाट करत जुळणी करत होता.

१४ जानेवारी

विश्रामला तिळगूळ दिला. म्हणतो, "त्या डब्याला पन दे, ग्वाड बोलंल." हसू आलं. मी या छापखान्यात आले तेव्हा केसमधली घरं मला यानेच शिकवली होती, कुठल्या घरात कुठलं अक्षर ते. चेंदणी कोळीवाड्यातला हा माणूस. माझे डोळे बांधून खिळे उचलायला लावायचा आणि चुकले की चहा माझ्याकडून.

२२ जानेवारी

पुठ्ठ्यावर की-बोर्ड काढून ओट्यावर ठेवलाय. आमटी उकळेपर्यंत बोटं चालवायची. अक्षर, मग वेलांटी. अक्षर, मग वेलांटी. चित्रा म्हणते, "आई, पोळ्या लाटतानाही तुझी बोटं आपटतायत गं!" टीव्हीवर आखातातलं युद्ध. तिकडे बाँब पडतायत आणि मी इथे कोपरीच्या स्वयंपाकघरात वेलांटीशी लढतेय.

३० जानेवारी

विश्रामशी कडाक्याचं भांडण.

मी म्हटलं, "अरे, एकदा बसून तर बघ."

"बाय, माजा हात हितं चालतो." केसवर थाप मारली. "त्या काचंत बगून मी आंधला व्हनार नाय."

"मग पाडव्यानंतर काय करशील?"

"खाडी हाय ना."

खाडी! याच्या सख्ख्या भावाने जाळं सोडून कारखान्याची वाट धरली, ती काय खाडीत मासळी मावत नव्हती म्हणून? हे तोंडावर बोलले. त्याने मान फिरवली. वाईट वाटलं, पण बोलले ते खोटं नव्हतं.

४ फेब्रुवारी

हल्ली दुपारी डबा घेऊन वर जाते, अण्णांच्या घरी, सुहासिनीबरोबर जेवायला. तिथेही शिकणं चालू असतं. इतकी वर्षं मी आणि विश्राम केसशेजारी स्टुलं ओढून जेवत आलो. त्याच्या डब्यातली कोलंबी माझ्या झाकणात, माझं लोणचं त्याच्या. आता तो खाली एकटाच जेवतो. आज जिन्यावरून वाकून बघितलं. डबा बंदच होता.

११ फेब्रुवारी

कम्प्युटरवरचं माझं पहिलं पुस्तक छपाईला गेलं! डोंबिवलीचे खांबेटे मास्तर, त्यांच्या आठवणी. प्रुफं त्यांनी स्वतः वाचली. अर्पणपत्रिका तेवढी अगदी शेवटच्या क्षणी आणून दिली. बायको गेल्या वर्षी वारली त्यांची. 'प्रिय वनितास' — एवढंच. चटकन टाइप केलं. सुहासिनीने नजर टाकली, पान गेलं.

१८ फेब्रुवारी

मरावं असं वाटतंय.

मास्तर आले. ओरडले असते तर बरं झालं असतं. पिशवीतून पुस्तक काढलं, पान उघडून माझ्यासमोर धरलं. 'प्रिय विनतास.'

म्हणाले, "घरी सगळे विचारतायत, ही विनता कोण?"

कुणालाच हसता आलं नाही. वेडावाकडा शब्द झाला असता तर कुणाच्या तरी डोळ्यांत खुपला असता. पण विनता हेही नावच! सरळ, शुद्ध, दुसऱ्याच बाईचं. अण्णांनी हात जोडले, पान बदलून देतो म्हणाले. मास्तर जाताना म्हणाले, "वनिता हे नाव तिच्या बारशाला मीच सुचवलं होतं, शाळकरी वयात. शेजारी होतो आम्ही." आणि गेले.

सुहासिनी पुन्हापुन्हा म्हणत होती, "असं झालंच कसं?" विश्रामने पुस्तक हातात घेतलं, एकदा बघितलं आणि हळूच मला म्हणाला, "येलांटी आदी घेतलीस." टोमणा नव्हता. कम्प्युटरवर उभ्या जन्मात न बसलेल्या माणसाला एका नजरेत कळलं. माझ्यासारखाच हात आहे ना त्याचा.

१९ फेब्रुवारी

सुहासिनीला सगळं सांगितलं, आमचा हात आधी वेलांटीकडे का जातो ते. ती कपाळावर हात मारून म्हणाली, "अहो, मग सांगायचं नाही का! यात टाइपरायटरसारखी मांडणीपण आहे. वेलांटी आधी. ही कळ दाबली की झालं."

म्हणजे इतके दिवस मी उगाच जीव काढला! गळा दाबावासा वाटला तिचा. पण तिला तरी काय माहीत, खिळे कसे उचलतात ते.

मग म्हणाली, "फक्त बाहेर कुठे काम धरलंत, तर बहुतेक ठिकाणी वेलांटी नंतरच." ठरलं. मी नंतरचंच शिकणार. अण्णांचं उद्या काही सांगता येत नाही. कुठल्याही दुकानात जाऊन ताठ बसता आलं पाहिजे.

विश्रामला मात्र मुद्दाम जाऊन सांगितलं. "ऐक, आपल्यासारखी वेलांटी आधी घेता येते त्यात. वरच्या रांगेतली शेवटची कळ."

"मना कशाला सांगतंस?" खिळे पुसत राहिला. बघितलंसुद्धा नाही.

१ मार्च

विश्राम शिमग्याच्या रजेवर. नेमका आज भंगारवाला येऊन खिळे बघून गेला. मूठभर उचलून, वर-खाली करून वजनाचा अंदाज घेतला. वाचला एकही नाही.

८ मार्च

पूर्ण फॉर्म टाइप केला, सोळा पानं. एकही वेलांटी हलली नाही! आनंदाने केसकडे धावले आणि तिथेच थबकले. विश्राम फडकं घासलेटात बुडवून एकेक खिळा पुसून केसमधल्या त्याच्या घरात ठेवत होता. विकायच्या खिळ्यांना कुणी पुसतं का!

अण्णांना म्हटलं, "विश्रामचं काहीतरी करा." म्हणाले, "बाई, शिकायलाच तयार नाही तो. मी काय करू सांगा." आणि फोटोकडे बघितलं. त्या फोटोचाही राग येतो हल्ली.

१२ मार्च

काही सुचत नाही. कामाला बसले की उठावंसं वाटतं, उठले की बसावंसं. माझी जागा पक्की झाली, अण्णा तसं बोललेही. मी त्या खुर्चीवर आणि हा माणूस खाडीकाठी बसून राहणार? आज त्याला स्पष्ट सांगितलं, "तू गेलास तर मी रडणार नाही." तो म्हणाला, "नको रडूस." एवढंच. चित्राने विचारलं, डोळे का सुजलेत? कांदा, म्हटलं.

१४ मार्च

दुपारी जेवून खाली आले, बसले. रोज बसल्यावर पहिला शब्द टाइप करते तो 'वनिता'. तेवढंच प्रायश्चित्त. आज वेलांटी न सोडून पलीकडच्या त वर जाऊन बसली! पुन्हा केलं. तेच. 'दिवस' टाइप केलं तर 'दविस'. गेला माझा हात, सगळं विसरला!

सुहासिनी म्हणाली, "मी नाही हो हात लावला. मी तुमच्याबरोबरच जेवत होते!"

वाकून बघितलं. मांडणी बदललेली होती. वेलांटी आधी.

की-बोर्डला घासलेटचा वास येत होता.

मान वळवली. विश्राम केससमोर, पाठमोरा, काही ऐकलंच नाही असा. मी ओरडले नाही, काही विचारलं नाही. गुपचूप कळ दाबून माझं काम केलं आणि उठताना मांडणी पुन्हा त्याची करून ठेवली.

उद्या वर जेवताना सुहासिनीला गप्पांत गुंतवायचं. लवकर खाली यायचं नाही.