तीन वाजून चाळीस मिनिटं

जव्हार, ४ मे १९८४

प्रिय हिरी,

तुझ्या बाळंतपणाच्या केंद्रासाठी मागवलेलं, बाळाच्या घशातलं पाणी ओढायचं यंत्र कोर्टात का अडकलं, हे तू तीनदा विचारलंस आणि मी तीनदा टाळलं. आज टाळत नाही.

टेंडर भरायची मुदत तेरा फेब्रुवारी, दुपारी तीनपर्यंत होती. पाकिटं घ्यायची, वेळ नोंदवायची, हे काम माझं. आमच्या आरोग्य खात्याच्या कार्यालयात भिंतीवर घड्याळ आहे, पण त्याच्याकडे बघतं कोण? नाशिकहून मोखाड्यावरून येणारी एस.टी. आली की तीन वाजले, असं सगळेच धरतात. टपालही तसंच नोंदवतात, मीही दोन वर्षं तसंच करत आले. त्या दिवशी गाडी घाटात बंद पडून उशिरा आली. तिच्यातून धुळीने माखलेला एक माणूस पाकीट घेऊन धावत आला. मी त्याला पाणी दिलं, पाकीट घेतलं आणि वेळेच्या रकान्यात 'तीन' लिहिलं. भिंतीवर तीन चाळीस झाले होते. लबाडी मनात नव्हती गं, हाताला वळण तेच होतं.

त्याचाच दर सगळ्यांत कमी निघाला. यंत्रही तुला हवं तसं, पायाने चालणारं, वीज गेली तरी न अडणारं. पण बाकावर दुसऱ्या कंपनीचा माणूस बसला होता. वेळ चुकू नये म्हणून आदल्या संध्याकाळीच येऊन जव्हारात मुक्काम केलेला. त्याने मनगटावरचं घड्याळ बघितलं. त्याची कंपनी थेट हायकोर्टात गेली आणि खरेदीला स्थगिती मिळाली. आमचे वकील म्हणाले, कुठलं यंत्र चांगलं हे कोर्ट ठरवणार नाही. सगळ्यांना एकच नियम लावला का, एवढंच बघेल. म्हणजे सगळं माझ्या त्या एका शब्दावर आलं.

साहेबांनी प्रतिज्ञापत्र टाइप करून समोर ठेवलं. पाकीट तीनला मिळालं, असं. "अकिलाबाई, चाळीस मिनिटांनी काय आभाळ कोसळलं? यंत्रं तुमच्याच भागातल्या बाळांसाठी आहेत ना? आणि तुमची नेमणूक अजून तात्पुरती आहे, विसरू नका." हिरी, साहेब वाईट नाहीत. बाळांबद्दल ते खोटं बोलत नव्हते, म्हणून तर मला झोप लागेना. डोळे मिटले की तू दिसायचीस. तुझ्या बहिणीचं, गोदीचं, पहिलं बाळ निळं पडलेलं, तू तोंडात रबरी नळी धरून ओढतेयस. नंतर तू म्हणालीस, "अकिले, तुझा कागद लवकर हलव, माझ्या छातीत दम नाय उरला."

अब्बा भांड्यांना कल्हई लावत होते. त्यांना सगळं सांगितलं. ते म्हणाले, "मला वाचता येत नाही बेटा, लोक सांगतील तिथे मी अंगठा उठवला. तुला बी.ए. केलं ते वाचून सही करायला." बस, पुन्हा भाता ओढायला लागले.

आज सकाळी मी दुसरं प्रतिज्ञापत्र केलं. त्यात तीन चाळीस लिहिलं, गाडीची सवय लिहिली, चूक माझी हेही लिहिलं. साहेबांनी ते वाचलं आणि माझ्याकडे न बघता पुढे पाठवलं. सुनावणी सोमवारी आहे. वकील म्हणतात, टेंडर रद्द होईल, नव्याने निघेल. यंत्र दिवाळीच्या आत येत नाही.

आणि गोदीचे दिवस श्रावणात भरतात.

म्हणून हे पत्र. निकाल लागायची वाट बघू नकोस. नद्या चढायच्या आत गोदीला आमच्याकडे आण. इथल्या दवाखान्यात विजेवरचं यंत्र आहे, तो घरापासून पाच मिनिटांवर. अम्मीने मागची खोली रिकामी केली आहे. सासू सोबत येणार असेल आणि तिला आमच्या हातचं चालत नसेल, तर अंगणात वेगळी चूल मांडून देऊ. माझ्यावर रागाव, वर्षभर बोलू नकोस, पण तिला आण. हे पत्र टपालात न टाकता परतीच्या त्याच एस.टी.च्या कंडक्टरकडे देते आहे. उत्तर उद्या त्याच्याच हाती दे. गाडी कितीही वाजता येवो, मी स्टँडवर उभी असेन.

तू म्हणशील तोवर तुझीच,
अकिला