चोपन्न नंबर उठला

१२ जून, रवि.
आमच्या टीव्ही चॅनेलचे बॉस करीमसाहेब, त्यांचं फर्मान. स्टोअररूम वर्ल्ड कपच्या सामानाला हवी, जुन्या अमेरिकन फुटबॉलच्या टेप्स भंगारात. "खरा फुटबॉल येतोय दोह्यात. तो हातात धरून पळायचा खेळ कोण बघणार? खलास." एवढी वर्षं मीच त्या जपल्या. भांडले. शेवटी ते म्हणाले, "एक टेप वाचव, यल्ला, चल आता." भीक घातल्यासारखं. नुसता संताप.

१३ जून, सोम.
एक म्हणजे कुठली, हा प्रश्नच नव्हता. वॉल्टरसाहेबांची. मला हे काम त्यांनीच शिकवलं. आता रिटायर, इथेच द पर्ल बेटावर राहतात, शुक्रवारी कायमचे अमेरिकेला. त्यांचा धाकटा भाऊ मोठ्या संघातून एकच मॅच खेळला, चोपन्न नंबर. साहेब तेव्हा परदेशात, त्यांनी ती पाहिलेलीच नाही. तिकडची प्रत पुसली गेली, उरली ती आमच्याकडे. भावाला आता काही आठवत नाही, आपण खेळायचो हेसुद्धा. "त्याला एकदा दाखवायचंय गं." साहेब फोनवर म्हणाले.
पण टेप चिकट झालीये. तशीच लावली तर चित्राच्या थराची सालपटं निघतील. आधी मंद आचेवर सुकवायला हवी, आणि ऑफिसचं सुकवायचं यंत्र बंद.

१४ जून, मंगळ.
घरी आणली. सासूबाई रत्नागिरीहून आल्यापासून आंबापोळीच्या ड्रायरला कुणाला हात लावू देत नाहीत. त्यातच ठेवली. "अगो, माझ्या यंत्रात हे काय मेलं?" म्हटलं, आई, एका म्हाताऱ्याचा भाऊ आहे त्यात. मग स्वतःच अधूनमधून हात लावून बघत होत्या, फार तापलं तर नाही ना.

१५ जून, बुध.
चालली!! ऑफिसात एका दमात उतरवून घेतली. चित्र थरथरतं, पण आहे. चोपन्न नंबर दिसला. आणि मग
नको. उद्या लिहीन.

१६ जून, गुरु.
लिहायलाच हवं. एक धिप्पाड गडी त्याच्यावर आदळतो. डोक्याला डोकं. हा पडतो, लगेच उठतो, आणि चालत जाऊन समोरच्या संघाच्या घोळक्यात उभा राहतो. लोक हसतात. कॉमेंट्रीवालाही हसतो. आता काही न आठवण्याची सुरुवात इथेच तर झाली नसेल?
लॅपटॉपवर आईंना दाखवलं. खेळ त्यांना ओ की ठो कळत नाही. "अगो, पोरगा भलतीकडे चाललाय. धरा रे त्याला कोणीतरी." मला रडू आलं.
तेवढंच कापता येईल, कुणाला पत्ता लागणार नाही. पण काही म्हणजे काही कापायचं नाही, हे साहेबांनीच शिकवलेलं.
संध्याकाळी त्यांचा फोन. सकाळी एअरपोर्टला जाताना घ्यायला येतायत. "आमच्या घरी अजून सांगतात, पडला पण लगेच उठला. दिसतं ना ते?"
"हो सर. लगेच उठतो."
उठून कुठे गेला, ते त्यांनी विचारलं नाही. मीही सांगितलं नाही. त्यांना द्यायचा पेनड्राइव्ह अजून रिकामाच आहे.