प्लॅस्टिकची विनाशिका

श्यालकमहाशय विश्वासराव यांसी, कतारमधल्या अल खोरहून साष्टांग तक्रार.

धवलच्या अकराव्या वाढदिवसाला आपण जपानी विनाशिकेचा जो प्लॅस्टिक नमुना धाडलात, त्यात मागची तोफ नव्हती. हा प्रमाद अक्षम्य आहे; आठ वर्षं उशिरा नोंदवतो. पोराने तिथे टूथपिक चिकटवली.

नमुन्यासोबतचं आपलं टिपणही आज पुन्हा वाचलं. ती खरी विनाशिका महायुद्धभर बेटांवर तांदूळ आणि शिपाई पोचवत राहिली, आणि शेवटी टॉर्पेडो लागून सात मिनिटांत बुडाली. त्यावर आपण लिहिलंत, 'दोनशे वीरांची जलसमाधी!' अहो, समाधी स्वेच्छेने घेतात. बॉयलरपाशी घाम गाळणाऱ्या पोरांना कुणी विचारलं होतं? हुकूम सोडणारे किनाऱ्यावर चहा पीत होते. पुण्यातल्या सोफ्यावरून शौर्य फार स्वच्छ दिसतं.

'भावोजी, पोराला समुद्रावर पाठवा, मर्द होईल,' म्हणालात. पाठवला. धवल आता गॅसच्या टँकरवर कॅडेट आहे. मंगळवारी त्याचं जहाज होर्मुझच्या सामुद्रधुनीकडे निघालं आणि तिथल्या बातम्या चांगल्या नाहीत. शोभाला मी 'रेंज नसते गं' म्हणून सांगतो. तुमच्या पोटात काही राहत नाही, बहिणीला लगेच फोन कराल, म्हणून हे पत्र पाठवत नाही.

चार दिवस त्याचा मेसेज नाही, विश्वासराव. मला फार भीती वाटते.

तुमचा,
मोरेश्वर