तोंडाला साबण

३ मार्च ९७, हेंद्रेपाडा
सकाळी हे चाळीच्या ओट्यावर दाढीला बसले. दाराच्या खिळ्याला आरसा, पुढ्यात पितळी वाटी. नगरसेवक झाल्यापासून हेच ऑफिस. कोणी गटाराचं सांगतं, कोणी रेशनकार्डाचं. तोंडाला साबण, बोलता येत नाही, म्हणून सगळं ऐकून घेतात. लोक म्हणतात, भाऊ किती शांत! लग्नाला वीस वर्षं झाली, मला कधी दिसले नाहीत शांत.

१९ मार्च
सोनिवलीचा ब्लॉक बघितला. तिसरा मजला. संडास घरात! दोनदा साखळी ओढून बघितली. ह्यांचं मन नाही, म्हणे लोक लांब पडतील. म्हटलं, वीस वर्षं डबा घेऊन लायनीत उभी राहिले, आता नाही. शेवटी हो म्हणाले.

२ मे
राहायला आलो. निघताना शेजारची शांताबाई रडली. मीपण. संध्याकाळी विसरले.

९ ऑगस्ट
हल्ली दाढी आत, बेसिनपाशी, दार लावून. गुळगुळीत होऊन बाहेर येतात. लोक सोफ्याच्या कडेवर. कोणी तोंड उघडायच्या आत ह्यांचं भाषण सुरू. आज शांताबाई चाळीच्या नळाचं सांगायला आली. तिला अख्खी पाणी-योजना समजावली. चहा पिऊन निघाली. जिन्यात मला म्हणाली, "वयनी, भाऊंना जयभीम सांगा. नळाचं राह्यलंच बघा."

१७ जाने. ९९
आठवड्यात दोनच माणसं आली. पुढच्या इलेक्शनची काळजी लागलीय. म्हणाले, "तीन जिने आहेत ना." म्हटलं, जिने नाहीत, तुमची बडबड. तेव्हापासून अबोला.

१४ फेब्रु.
बोलले एकदाचे. "चाळीत परत जाऊया का?" नाही म्हटलं. साफ. वाईट वाटलं त्यांचा चेहरा बघून. तरी नाहीच.

२१ फेब्रु., रवि.
सकाळी आरसा, वाटी, ब्रश पिशवीत घालून एकटेच हेंद्रेपाड्याला गेले. आमच्या खोलीत आता दुसरे लोक. खिळा अजून आहे म्हणे, त्यांनी ओट्यावर बसू दिलं. रिक्षाने परत आले ते एका गालावर वाळलेला साबण घेऊन.
"कोणी आलं?"
"शांताबाई. लांबून बघून गेली."
"काही बोलली नाही?"
"नाही. मीपण नाही बोललो. साबण लावून तसाच बसलो."
हसू आलं, आणि मग नाही आलं. ओला टॉवेल दिला. वाटी घासून, आरसा पुसून पिशवीत परत भरून ठेवला. पिशवी दाराशीच आहे.