चादरीचं दुसरं टोक

३ फेब्रुवारी
व्हिडिओचा विषय पक्का: भगिनीभाव आणि बाईकडून समाजाच्या अपेक्षा. धाकटी चादरीची घडी घालणार, उलगडणार, पुन्हा घालणार. दुसरं टोक माझ्या हातात, फ्रेमबाहेर. ऐकू येणार फक्त चादरीची सळसळ. आमचं बोलणं नंतर कापायचं. आर्ट गॅलरीच्या प्रदर्शनात एकच जागा उरली आहे आणि ती मला मिळायलाच हवी. स्वतःला विचारलं, सख्ख्या बहिणीला वापरून घेतेय का? नाही. तिचंच जरा भलं होईल.

५ फेब्रुवारी
धाकटी तालमीला उशिरा आली. रागावले नाही. फक्त म्हटलं, नोकरी काय सगळ्याच करतात. केस विंचरून यायला काय झालं होतं, हेही विचारलं. म्हणाली, ताई, आपला व्हिडिओ अपेक्षांच्या विरोधात आहे ना? तिला कॉन्सेप्टच कळलेला नाही.

९ फेब्रुवारी
शूटिंग. माईक माझ्या बाजूला लावला. पोट आत घे. दात दाखवू नकोस. चेहरा सोशिक ठेव, आईसारखा. सगळ्या सूचना निव्वळ तांत्रिक. चादर एकदाच जोरात ओढली. धाकटी पडली नाही, धडपडली.
संकल्प: उद्यापासून गोड बोलणे.

१० फेब्रुवारी
जमलं नाही. एडिटिंगमध्ये नाक खुपसलं तिने. म्हणे, नुसती सळसळ ऐकून लोक झोपतील. म्हटलं, एवढी अक्कल आहे तर तूच कर. फुटेजचा पेनड्राइव्ह तिच्या तोंडावर फेकला. (खरं तर टेबलावर. पण तोंडाच्या दिशेने.)

२० फेब्रुवारी
दोघींनी आपापला व्हिडिओ गॅलरीला पाठवला. तिचा निवडला तर मला आनंदच होईल. प्रामाणिकपणे तपासलं: होणार नाही. पण ती वेळ येणारच नाही.

२ मार्च
ती वेळ आली. गॅलरीवाली मला फोनवर म्हणाली, तुमच्या बहिणीचा फारच धाडसी आहे. उद्घाटनाला जाणार. जळते असं कोणी म्हणायला नको.

६ मार्च, रात्री
तिने बोलणं कापलंच नव्हतं. पडद्यावर धाकटी चादरीबरोबर ओढली जाते आणि न दिसणारी एक बाई तिला सारखी सुनावते. पोट आत घे. सोशिक. लोक आधी हसले, मग पडद्याजवळ सरकले. एका बाईंनी धाकटीला विचारलं, समाजाचा आवाज इतका खरा कुठून मिळवलात? धाकटीने माझ्याकडे बोट केलं. म्हणाली, ही आमची ताई.
शेवटी श्रेयनामावलीत माझं नाव आहे. आवाज: ताई. शब्द न् शब्द स्वच्छ ऐकू येतो, असं सगळेच म्हणाले.
माईक मी लावला होता.